व्हीएस कोड जड झालाय, शॉर्टकट लक्षात राहत नाहीत: सुरुवात कुठून करू?

नमस्कार. मी हिंजवडीतल्या एका कंपनीत दोन वर्षं जावा आणि थोडं रिअ‍ॅक्ट करते. कामाला व्हीएस कोड (कोड लिहायचा एडिटर), विंडोजचा १६ जीबीचा लॅपटॉप. व्हिडिओ बघून बघून ४५ एक्स्टेन्शन्स (वरून जोडायच्या सोयी) टाकली. आता प्रोजेक्ट उघडला की चहा पिऊन येईपर्यंत काही हलत नाही. शॉर्टकटची यादी प्रिंट काढून लावली, पण हात माउसकडेच जातो. टीममधले एक सीनियर म्हणतात व्हिम शिक, दुसरे म्हणतात इंटेलिजे घे, म्हणजे एडिटरच बदल. आमच्या अ‍ॅपमध्ये मराठी लेबलं आहेत. त्या फाइलमध्ये शब्द डोळ्यांसमोर असतो आणि शोधला तर सापडत नाही. त्यात परवा एका ओळीचा बदल केला, तर रिव्ह्यूमध्ये अख्खी फाइल बदललेली दिसली. काय करू?
– एक वाचक, वाकड

सप्रेम नमस्कार,

एडिटर बदलण्याचा प्रश्न सगळ्यात शेवटी घेऊ. कारण तुमचा वेळ टाइप करण्यात जात नाही. आधी लिहिलेला कोड शोधण्यात, वाचण्यात, एका फाइलमधून दुसरीत जाऊन पुन्हा मूळ जागी येण्यात तो जातो. हा वेळ वाचवणाऱ्या सोयी आहे त्याच एडिटरमध्ये पडून आहेत. फक्त त्याआधी त्याच्या अंगावरचं ओझं उतरवायला हवं. शॉर्टकट दाबल्यावर दोन सेकंद काहीच झालं नाही, तर हात माउसकडे जाणारच.

४५ एक्स्टेन्शन्सपैकी दोषी कोण, हे अंदाजाने ठरवू नका. कंट्रोल + शिफ्ट + पी दाबलं की कमांड पॅलेट उघडतं. तिथे 'शो रनिंग एक्स्टेन्शन्स' टाइप करा. (इथे सगळी नावं देवनागरीत आहेत, टाइप अर्थातच इंग्रजीत करायची.) चालू असलेल्या प्रत्येक एक्स्टेन्शनला सुरू व्हायला किती मिलिसेकंद लागले, ते समोर येतं. हे झालं सुरुवातीच्या वेळेचं. काम चालू असताना एडिटर अडकत असेल तर हेल्प मेनूतलं 'ओपन प्रोसेस एक्सप्लोरर' उघडा. कुठली प्रोसेस किती सीपीयू आणि किती मेमरी खाते आहे ते तिथे कळतं. एवढ्यानेही चोर सापडला नाही तर पॅलेटमधूनच 'स्टार्ट एक्स्टेन्शन बायसेक्ट' चालवा. एडिटर निम्मी एक्स्टेन्शन्स बंद करून पुन्हा सुरू होतो आणि त्रास अजून आहे का, असं विचारतो. तुमच्या उत्तरावरून उरलेल्यांतली निम्मी बंद होतात. ४५ मधून एक गाठायला साधारण सहा फेऱ्या लागतात. त्रास दोन एक्स्टेन्शन्सच्या भांडणातून होत असेल तर मात्र ही युक्ती फसते, हे लक्षात ठेवा.

सापडलेलं काढून टाका. उरलेल्यांची दोन प्रोफाइल्समध्ये विभागणी करा: डाव्या कोपऱ्यात खाली असलेल्या दातेरी चक्रावर क्लिक केलं की 'प्रोफाइल्स' दिसतं. जावाचं एक, रिअ‍ॅक्टचं एक. जावा करताना सीएसएसच्या रंगांचे ठिपके दाखवणारं एक्स्टेन्शन जागं असायची गरज नाही. आयकॉन, थीम, 'तुम्ही आज किती तास कोड केला' हे सांगणारे विजेट, हे सगळं मनोरंजन आहे. ठेवायचं तर ठेवा, पण त्याला उत्पादकता म्हणू नका.

आता फोल्डर. बरेच जण सगळे प्रोजेक्ट ज्यात आहेत तो मोठा फोल्डरच उघडतात. मग जावाचा लँग्वेज सर्व्हर (एडिटरला कोडचा अर्थ सांगणारा प्रोग्रॅम) त्यातला प्रत्येक मेव्हन प्रोजेक्ट आयात करत बसतो; मेव्हन म्हणजे जावाचं बिल्ड करणारं साधन. तुमची चहाची वेळ बहुधा इथेच जाते. ज्या प्रोजेक्टवर काम आहे, तोच फोल्डर उघडा, ज्याच्या मुळाशी पॉम (मेव्हनची सेटिंग्जची) फाइल आहे तो. आयात पूर्ण होईपर्यंत 'डेफिनिशनवर जा' नीट चालत नाही. खालच्या पट्टीवर प्रगती दिसते, ती संपू द्या. ब्रँच बदलल्यावर सगळीकडे खोट्या लाल रेघा आल्या, तर पॅलेटमधून 'क्लीन जावा लँग्वेज सर्व्हर वर्कस्पेस' चालवा. साठवलेली माहिती पुसून तो सगळं नव्याने वाचतो. दर दोन तासांनी चालवायची ही कमांड नव्हे, पण अशा गोंधळात ती हमखास कामाला येते. बिल्डचा 'टार्गेट' फोल्डर सेटिंग्जमधल्या 'वॉचर एक्स्क्लूड'मध्ये घाला, म्हणजे प्रत्येक बिल्डला बदलणाऱ्या शेकडो फाइल्सवर एडिटर डोळा ठेवून बसणार नाही.

इथवर आलात की शॉर्टकट. भिंतीवरची यादी काढून टाका. साठ शॉर्टकट एकदम कुणालाच येत नाहीत आणि त्यातले निम्मे तुम्हाला कधी लागणारही नाहीत. पहिल्या आठवड्यात तीनच.

कंट्रोल + पी: नावाने फाइल उघडणं. पूर्ण नाव लागत नाही. 'ऑर्डरपेमेंटसर्व्हिस' हवी असेल तर ओ, पी, एस ही तीन आद्याक्षरं पुरतात. नावापुढे कोलन देऊन १२० लिहिलंत तर थेट १२० व्या ओळीवर. कोलनऐवजी अ‍ॅटचं चिन्ह दिलंत तर त्या फाइलमधल्या मेथड्सची यादी येते.

एफ १२: मेथड किंवा क्लास जिथे लिहिला आहे तिथे उडी. याच्या उलट, ही मेथड कुठून कुठून बोलावली जाते ते बघायला शिफ्ट + एफ १२.

ऑल्ट + डावा बाण: जिथून उडी मारली तिथे परत. हा तिसरा नसेल तर दुसऱ्याचा उपयोग निम्मा. लोक एफ १२ शिकतात, चार फाइल्स आत जातात आणि मग मूळ जागा शोधायला टॅब उलटेपालटे करत बसतात. ऑल्ट + डावा बाण चार वेळा दाबला की माणूस घरी.

हात माउसकडे जातो, कारण फाइलची यादी डावीकडे डोळ्यांसमोर उघडी असते. कंट्रोल + बी दाबून ती बंदच ठेवा. क्लिक करायला काही उरलं नाही की बोटं आपोआप कंट्रोल + पी शोधतात. आणखी एक गोष्ट अनेकांना छळते: फाइल उघडली, दुसरी उघडली आणि पहिली गायब. फाइलवर एकदाच क्लिक केलं की ती तिरप्या अक्षरांतल्या तात्पुरत्या टॅबमध्ये उघडते आणि पुढची फाइल तिची जागा घेते. टिकवायची असेल तर टॅबवर दोनदा क्लिक करा, किंवा फाइलमध्ये काही तरी बदल करा. त्रासच होत असेल तर सेटिंग्जमध्ये 'एनेबल प्रीव्ह्यू' शोधून बंद करा.

दुसऱ्या आठवड्यात बदल करण्याकडे वळा. इथे एक फरक पक्का समजून घ्या, कारण चुका इथेच होतात. कंट्रोल + डी अक्षरं बघतं, एफ २ अर्थ बघतो.

शब्दावर कर्सर ठेवून कंट्रोल + डी दाबलं की तो शब्द निवडला जातो. पुन्हा दाबलं की पुढचा तसाच शब्द, आणि दोन्ही ठिकाणी एकदम टाइप होतं. मधला एखादा नको असेल तर कंट्रोल + के, मग कंट्रोल + डी. चुकून एक जास्त निवडला गेला तर कंट्रोल + यू. आता यातली मेख. नुसता कर्सर ठेवून सुरुवात केलीत तर एडिटर पूर्ण शब्दच जुळवतो, लहान-मोठी अक्षरंही पाहतो. पण तुम्ही माउसने ओढून आय आणि डी ही दोन अक्षरं निवडलीत आणि मग कंट्रोल + डी दाबलंत, तर तो 'विड्थ'च्या स्पेलिंगमधली आय-डीसुद्धा पकडतो. म्हणून निवड करूच नका, कर्सर ठेवा आणि दाबा.

एफ २ मात्र भाषेचा व्याकरणी आहे. व्हेरिएबलवर ठेवून दाबलात की तेच व्हेरिएबल सगळ्या फाइल्समध्ये बदलतं. दुसऱ्या मेथडमधलं त्याच नावाचं वेगळं व्हेरिएबल तसंच राहतं. नाव बदलायचं असेल तर नेहमी हाच. पण अवतरणचिन्हांतलं त्याला दिसत नाही. स्प्रिंग या जावा फ्रेमवर्कमधल्या बीनचं (म्हणजे त्याने सांभाळलेल्या ऑब्जेक्टचं) नाव, क्वेरीतल्या एन्टिटीचं नाव, कॉन्फिगरेशन फाइलमधली किल्ली, हे सगळं जुनंच राहतं आणि कोड कम्पाइल होऊन चालवताना फुटतो. म्हणून एफ २ नंतर कंट्रोल + शिफ्ट + एफ करून जुनं नाव एकदा सगळ्या प्रोजेक्टमध्ये शोधायचंच.

शोधा-आणि-बदला मध्ये रेग्युलर एक्स्प्रेशनची, म्हणजे नेमक्या शब्दाऐवजी नमुना देऊन शोधण्याची, भीती बाळगू नका. कामापुरतं थोडंच लागतं. समजा टेस्ट डेटात तारखा दिवस/महिना/वर्ष अशा आहेत आणि तुम्हाला वर्ष-महिना-दिवस हव्यात. कंट्रोल + एच, मग ऑल्ट + आर दाबून रेग्युलर एक्स्प्रेशन चालू करा. शोधायच्या चौकटीत (..)/(..)/(....) आणि बदलायच्या चौकटीत $३-$२-$१, आकडे इंग्रजी. कंस म्हणजे पकडलेला तुकडा, डॉलर आणि आकडा म्हणजे तो तुकडा इथे ठेव. टिंब कुठल्याही अक्षराला चालतं, त्यामुळे एखाद्या फाइलपाथचा तुकडाही यात अडकू शकतो. आधी दोन-चार एकेक करून बदला, मगच सगळे.

तुम्ही मराठी लेबलं लिहिता, म्हणजे विंडोजवर मराठी कीबोर्ड लावलेला असणार. मग इथे एक छुपी अडचण आहे. ऑल्ट + शिफ्ट हा विंडोजचा भाषा बदलण्याचा शॉर्टकट आहे, आणि व्हीएस कोडमध्ये ओळीची प्रत काढणं (शिफ्ट + ऑल्ट + खालचा बाण) आणि फाइल फॉरमॅट करणं (शिफ्ट + ऑल्ट + एफ) याच दोन कळांनी सुरू होतं. बोटं जरा मागेपुढे झाली की ओळ तशीच राहते आणि पुढचं टाइपिंग देवनागरीत. 'शॉर्टकट कधी चालतो, कधी नाही' या तक्रारीमागे अनेकदा हेच असतं. विंडोजच्या सेटिंग्जमध्ये 'टाइम अँड लँग्वेज', 'टायपिंग', 'अ‍ॅडव्हान्स्ड कीबोर्ड सेटिंग्ज', त्यात 'इनपुट लँग्वेज हॉट कीज' उघडा आणि ऑल्ट + शिफ्ट काढून टाका. भाषा बदलायला विंडोज + स्पेस आहेच.

आता न सापडणारा शब्द. यात दोष ना तुमच्या डोळ्यांचा, ना एडिटरचा. 'शेतकऱ्यांची' हा शब्द घ्या. त्यातला र्‍ दोन तऱ्हांनी साठवला जातो. एका तऱ्हेत खालच्या टिंबाचा ऱ, हलंत आणि य. दुसऱ्या तऱ्हेत साधा र, हलंत, मग झीरो विड्थ जॉइनर नावाचं न दिसणारं अक्षर, आणि य. पडद्यावर दोन्ही हुबेहूब सारखे दिसतात. संगणकाच्या लेखी ती वेगळी अक्षरं. लेबलं दोघा-तिघांनी वेगवेगळ्या कीबोर्डांवर टाइप केली किंवा जुन्या मजकुरातून आणून चिकटवली की फाइलमध्ये दोन्ही तऱ्हा नांदतात. दुसऱ्या, तिसऱ्या, कर्मचाऱ्यांना, साऱ्यांना: असे शब्द प्रत्येक फॉर्मवर असतात.

दोन्ही पकडायचे तर रेग्युलर एक्स्प्रेशन चालू करून 'शेतक...?यांची' शोधा. क आणि य यांच्यामध्ये पहिल्या तऱ्हेत दोन अक्षरं आहेत, दुसरीत तीन. तिसऱ्या टिंबापुढचं प्रश्नचिन्ह सांगतं की ते असलं तरी चालेल, नसलं तरी. मग टीमने एक तऱ्हा ठरवा. खालच्या टिंबाची सोयीची, कारण तिच्यात अदृश्य काही नाही. फाइलमधून जॉइनरवाला 'र्‍' कॉपी करून शोधायच्या चौकटीत चिकटवा आणि जागी 'ऱ्' घाला. नुसता जॉइनर शोधून पुसू मात्र नका. तसं केलंत तर र चा रफार होतो आणि 'शेतकर्यांची' असं चुकीचं लेबल थेट लोकांसमोर जातं.

या फाइल्सचं अजून एक दुखणं: भाषा तपासणाऱ्यांना सीएसव्ही पाठवली आणि एक्सेलमध्ये मराठीच्या जागी कचरा दिसला. त्या प्रतीपुरतं, खालच्या पट्टीवर 'यूटीएफ-८' लिहिलंय तिथे क्लिक करून 'सेव्ह विथ एन्कोडिंग'मध्ये 'यूटीएफ-८ विथ बीओएम' निवडा. बीओएम म्हणजे फाइलच्या सुरुवातीची न दिसणारी खूण, एक्सेलला तेवढी पुरते. प्रोजेक्टमधल्या प्रॉपर्टीज फाइलला मात्र बीओएम लावू नका, तिथे तो पहिल्या किल्लीला चिकटतो आणि ते एकच लेबल सापडेनासं होतं. आणि कुठलीही फाइल कचरा दाखवत असेल तर आधी 'रीओपन विथ एन्कोडिंग' करून बघा. कचरा दिसत असताना सेव्ह केलंत तर तोच कायमचा होऊ शकतो. प्रोजेक्ट अजून जावा ८ वर असेल तर रिसोर्स बंडलच्या प्रॉपर्टीज फाइल्स लॅटिन एन्कोडिंगनेच वाचल्या जातात, मराठी अक्षरं युनिकोड एस्केपमध्ये लिहावी लागतात. २०१७ मध्ये आलेल्या जावा ९ पासून त्या यूटीएफ-८ म्हणून वाचल्या जातात.

अख्खी फाइल बदललेली दिसण्यामागे दोनच नेहमीचे संशयित. ओळीचा शेवट, नाहीतर फॉरमॅटर. कोण ते ओळखायला टर्मिनलमध्ये गिट डिफ (कोडमधले बदल नोंदवणाऱ्या गिटची फरक दाखवणारी कमांड) चालवा आणि 'इग्नोर स्पेस अ‍ॅट ईओएल' हा पर्याय जोडा. फरक आकसून एका ओळीवर आला तर दोष ओळीच्या शेवटाचा: ओळ संपल्याची न दिसणारी खूण म्हणून विंडोज सीआरएलएफ लावतं, लिनक्स आणि मॅक एलएफ. खालच्या पट्टीवर यातलं काय आहे ते दिसतं, क्लिक करून बदलताही येतं. पण प्रत्येकाने आपापलं सांभाळण्यापेक्षा रिपॉझिटरीच्या मुळाशी गिटअ‍ॅट्रिब्यूट्स फाइल टाकून त्यात तारांकन आणि 'टेक्स्ट इज इक्वल टू ऑटो' अशी एक ओळ लिहा. मग गिट अ‍ॅड 'रीनॉर्मलाइझ' पर्यायासह एकदा चालवून तेवढाच एक कमिट (बदलांची नोंद) करा.

फरक तसाच राहिला तर फॉरमॅटर. जावासाठी किंवा रिअ‍ॅक्टसाठी दोन फॉरमॅटर लावलेले असणं म्हणजे एकाच भाजीत दोघांनी मीठ घालणं. फाइलमध्ये उजवं क्लिक, 'फॉरमॅट डॉक्युमेंट विथ', 'कॉन्फिगर डिफॉल्ट फॉरमॅटर', आणि टीममध्ये ठरलेला एकच निवडा. जुन्या, कधीच फॉरमॅट न झालेल्या फाइल्स असतील तर सेटिंग्जमध्ये 'फॉरमॅट ऑन सेव्ह मोड' शोधून 'मॉडिफिकेशन्स' ठेवा. तुम्ही हात लावलेल्या ओळीच तेवढ्या फॉरमॅट होतात. यासाठी फाइल गिटमध्ये हवी आणि फॉरमॅटरला तुकड्यापुरतं फॉरमॅट करता यायला हवं. 'ऑटो सेव्ह' जर 'आफ्टर डिले'वर असेल तर त्या आपोआपच्या सेव्हला फॉरमॅटिंग होत नाही, कंट्रोल + एस दाबल्यावरच होतं. 'सेटिंग चालू आहे तरी काहीच होत नाही' असं वाटतं ते यामुळे.

घरी पावसात लाईट गेली किंवा चुकून बदल पुसले गेले तर कमिट नसलं तरी घाबरू नका. एक्सप्लोररच्या तळाशी 'टाइमलाइन' आहे. प्रत्येक सेव्हची स्थानिक प्रत तिथे असते, जुन्या प्रतीवर उजवं क्लिक करून परत आणता येते.

राहिले व्हिम आणि इंटेलिजे. व्हिम जरूर शिका, पण सर्व्हरपुरतं. लॉग बघायला सर्व्हरवर गेलात की तिथे बहुधा व्हिम किंवा त्याचा पूर्वज व्हीआय असतोच. टर्मिनलमध्ये 'व्हिमट्यूटर' टाइप केलं की अर्ध्या तासाचा पाठ सुरू होतो, तेवढा सध्या पुरे. व्हीएस कोडमध्ये व्हिमचं एक्स्टेन्शन आत्ता टाकू नका: कंट्रोल + डी आणि कंट्रोल + एफ त्यात पान सरकवायला वापरतात, म्हणजे नुकतीच लागलेली सवय मोडेल.

इंटेलिजेचं म्हणणं मात्र खोटं नाही. मोठ्या जावा प्रोजेक्टमध्ये मेथडच्या पॅरामीटर्सचा क्रम बदलणं, क्लास फोडून दुसऱ्या पॅकेजमध्ये नेणं, अशी कामं तो व्हीएस कोडपेक्षा भरवशाने करतो, आणि स्प्रिंगची जाण असलेल्या त्याच्या सशुल्क भागाला अवतरणचिन्हांतली बीनची नावंही कळतात. तुमचं काम मुख्यतः जावाचं असेल आणि कंपनी लायसन्स देत असेल तर घ्या. रिलीज तोंडावर असताना नको. रिलीजनंतरचा एखादा शांत आठवडा निवडा, आणि सेटिंग्जमध्ये कीमॅप व्हीएस कोडचा लावा, म्हणजे कंट्रोल + पी आणि एफ २ तिकडेही तसेच चालतील.